ख्रिस्तालूची बारी

सगळ्यात आधी कोण आलं म्हणाल, तर हातिजे. खुर्च्या मांडून व्हायच्या आतच येऊन पहिल्या रांगेत बसली, पिशवी मांडीवर घट्ट धरून, जणू कुणी तिच्याकडे घराची किल्लीच मागणार आहे. हस, हातिजे, हस. आज तुला हसायचंच आहे, आणि का ते मी सांगणार आहे. पण हालिदबे डोळे वटारताहेत, तेव्हा आधी रीतभात.

सभेचे अध्यक्ष, आमच्या कावाकली गावचे प्रमुख, मुख्तार हालिदबे. व्यासपीठावर बसलेल्या आमच्या सन्माननीय पाहुण्या, रेषेपलीकडून आलेल्या ख्रिस्तालू, त्यांची लेक लुकिया आणि बसमधली बाकीची मंडळी. मला माईक कसा धरायचा ते दोनदा शिकवणारे गुरुजी. समोर जमलेल्या आयाबहिणी, नातवंडं आणि कॉफीखान्यातून नाइलाजानं उठून आलेली पुरुषमंडळी, सगळ्यांना पेम्बे नेनेचा, तुमच्या या आजीचा सलाम.

मी तीन इयत्ता शिकले. चौथीत असताना आमची शेळी व्याली आणि माझी शाळा तिथं संपली. शाळा याच इमारतीत. त्यामुळे निरोपाचं भाषण कसं करतात ते मला ठाऊक नाही. मधेच ग्रीकमध्ये वळले तर पोरांनी खिदळू नये. आमच्या आळीत वाढलेल्या माणसाला दोन्ही भाषांत भांडता यावं लागायचं.

भांडण म्हटलं की मला आधी दूध आठवतं. शहरात राहणाऱ्या नातवंडांसाठी सांगते. एका घरच्या शेळ्यांच्या दुधात हेल्लिमची, आपल्या त्या खारवलेल्या चीजची, वडी कितीशी होणार? म्हणून आमच्या आळीतल्या पाच घरांची बारी होती. आज सगळ्यांनी आपापलं दूध एकीच्या घरी न्यायचं, तिनं हंडा चढवायचा, हेल्लिम तिचं. उद्या दुसरीकडे. कुणी किती दूध घातलं ते बोरूच्या कांडीनं मोजायचं, कांडीला खाचा. चार घरं आमची आणि पाचवं ख्रिस्तालूचं. ती ग्रीक, आम्ही तुर्की, हे तेव्हाही माहीत होतं. पण हंड्यापाशी भांडण एकाच गोष्टीचं असायचं, फेसाचं. मी घाईघाईनं कांडी बुडवायची आणि ही माझा हात धरायची. "फेस बसू दे, पेम्बे. फेसाचं हेल्लिम होत नाही." माझ्या लग्नाच्या आदल्या दिवशीसुद्धा हिनं मला हेच ऐकवलं होतं. माझी आई म्हणायची, ही बाई मेली तरी आधी फेस बसायची वाट बघेल. ख्रिस्तालू, तू हे ऐकलं नव्हतंस ना? आता ऐक.

मग तो लढाईचा उन्हाळा आला. सगळं सांगत बसत नाही, बसवाल्याला वेळेत रेषेवरच्या नाक्यावर पोचायचं आहे. आधी ग्रीक बंदूकवाल्यांनी आमचे पुरुष याच शाळेत कोंडले. माझा नवरा उस्मान जिथं कोंडला होता तिथंच आज गुरुजींनी सरबताचं टेबल मांडलं आहे. बायकांनी काय करावं? शेळीला काय कळतं लढाईतलं, सकाळ झाली की तिची कास भरतेच. आम्ही बारी चालू ठेवली. ख्रिस्तालू तिच्याच लोकांच्या पहाऱ्यातून माझ्या दारी दूध आणून घालायची आणि पहारेकरी पोराला दटावायची, "बाजूला हो, मला दूध न्यायचंय, तुझी बंदूक नाही." महिनाभरात तुर्कस्तानचं लष्कर आमच्या गावापर्यंत आलं आणि वारं फिरलं. आता पळायची बारी त्यांच्यावर आली.

त्या सकाळी ख्रिस्तालूची बारी होती. मी नेहमीसारखी दुधाची कळशी घेऊन तिच्या अंगणात गेले. दार उघडं. शेळ्या गोठ्यात ओरडत होत्या. हंडा घासून पुसून उपडा घातलेला, चुलीखाली लाकडं रचलेली. जाणारी बाई चूल रचून ठेवते का? म्हणजे तिला जायचंच नव्हतं. मी तिच्या शेळ्यांचं दूध काढलं आणि मग पायरीवर बसून राहिले. उशिरानं बाकीच्या तिघी आल्या. आम्ही तिच्या चुलीवर तिच्या हंड्यात हेल्लिम केलं, पुदिना घातला, खारवून बरणीत भरलं. आठवड्यात येईल म्हणून.

तिचा नवरा कोस्तिस तेव्हापासून सापडलेला नाही. त्याआधीच्या मारामारीत माझा भाऊ सकाळी शेतावर गेला, तो अजून शेतावरच आहे. आज दिवसभर आम्ही दोघींनी या दोघांचं नाव काढलं नाही. इथं काढते आणि पुढं जाते.

नंतर बेटाच्या मधोमध रेष पडली, ग्रीक तिकडे, तुर्की इकडे, आणि सरकारनं सुटलेली घरं वाटली. ख्रिस्तालूचं घर हातिजेला मिळालं. हातिजे काही हौसेनं आली नव्हती. तिकडे, रेषेपलीकडे बाफच्या बाजूला, तिचं स्वतःचं घर आणि अंजिराचं झाड सोडून आली होती, पोरं कडेवर घेऊन. चौथ्या दिवशी तिनं विचारलं, "माझी बारी कधी?" आम्ही चौघींनी एकमेकींकडे बघितलं. मी म्हटलं, "तुझी सहावी."

"पण पाचच घरं आहेत."

"पाचवी ख्रिस्तालूची आहे."

घर सरकारनं दिलं, गावाचं नाव सरकारनं बदललं, पाटी नवी लावली. बारी मात्र आमची होती, ती कुणी कुणाला कशी देणार? हातिजेला याचा राग आला. अगं नाही नाही अशी मान हलवू नकोस, आलाच होता. कितीतरी दिवस ती माझ्याकडे पाठ करून दूध ओतायची. ख्रिस्तालूच्या बारीला आम्ही हेल्लिम करत नसू. ज्या घरात बाळंतीण असेल, कुणी आजारी असेल, तिथं ते दूध जायचं. हालिदबे, तुमचे जुळे झाले तेव्हा वहिनींना दूध पुरेना, आठवतं? ते कुणाचं दूध आलं होतं? हे तुम्हाला मी आजपर्यंत सांगितलं नव्हतं, कारण तुम्ही निवडणुकीला उभे होतात. आता सांगते. ख्रिस्तालूचं.

दुपारी मी हे जुळ्यांच्या दुधाचं तिला सांगितलं तेव्हा ती म्हणाली, "मग चांगली चाललीय की माझी बारी. माझ्यावाचून." आणि हातिजेच्या टेबलावरच्या रुमालानं डोळे पुसले.

पण मी पुढं पळाले. या वसंतात नाका उघडला, माणसं इकडून तिकडे, तिकडून इकडे आपापली घरं बघायला जाऊ लागली, आणि ख्रिस्तालूचा निरोप आला की मी येते. मला वाटलं, आता हिला हिची बारी द्यायची. आज पहाटेच हातिजेच्या अंगणात आळीतलं सगळं दूध गोळा केलं. हंडा चढवला, लाकडं रचली, कांडी धुऊन ठेवली. हातिजे दारात उभी, तोंड पांढरं. तिला वाटत होतं, ही बाई आली की भिंती मोजणार.

बस थांबली. ख्रिस्तालू काठी टेकत आली. फाटकाशी थांबली आणि हातिजेला ग्रीकमध्ये विचारलं, "आत येऊ का?" स्वतःच्या फाटकाशी. हातिजेला भाषा कळली नाही, पण तिनं बाजूला होऊन फाटक उघडलं. ख्रिस्तालू सरळ हंड्यापाशी गेली. मी लगबगीनं कांडी बुडवायला गेले, तर तिनं माझा हात धरला.

"फेस बसू दे, पेम्बे."

एकोणतीस वर्षांनी बाई माझ्याशी पहिलं वाक्य बोलली, ते हे. आम्ही इतक्या हसलो की शेळ्या बावचळल्या.

फेस बसला. तिनं खाचा बघितल्या. मी काडेपेटी पुढं केली. तिनं ती घेतली नाही.

"पेटव ना."

"नाही गं."

"का? तुझीच बारी आहे. इतकी वर्षं राखलीय."

"म्हणूनच. आज घेतली की संपली. घर हातिजेचं झालं, गावाला नाव दुसरं. तिकडे लिमासोलला मी तिसऱ्या मजल्यावर राहते, तिथं सगळे मला इथली म्हणतात. मी इथली आहे ती एवढ्या बारीपुरती. ती तू आज मला देऊन मोकळी होणार, आणि मग मी कुठली?"

मला राग आला, खोटं कशाला सांगू. इतकं धुणंपुसणं केलं आणि ही बाई नाही म्हणते. हातिजे माझी बाही ओढत होती. "काय म्हणतेय? घर मागतेय का?" मी जसंच्या तसं सांगितलं. हातिजेनं चुलीतलं एक लाकूड नीट सरकवलं. तिचं तिकडचं अंजिराचं झाड कुणीतरी तोडलं आहे, हे तिला गेल्याच महिन्यात जाऊन कळलं होतं. मग म्हणाली, "तिला सांग, आजची बारी माझी घे. उसनी. तिची तशीच राहू दे."

मंडळी, उसनी बारी म्हणजे काय ते तुम्हा सगळ्यांना ठाऊक आहे. उसनी घेतली की फेडायला स्वतः यावं लागतं. दुसऱ्याच्या बारीला आपलं दूध आपल्या हातानं ओतावं लागतं, निरोप पाठवून चालत नाही. मी हे ख्रिस्तालूला सांगितलं. ती म्हणाली, "आणि दूध कुठून आणू? तिसऱ्या मजल्यावर शेळी बांधू?"

हातिजे म्हणाली, "शेळ्या इथं आहेत. तिनं फक्त यायचं आणि काढायचं. हात विसरले असतील तर मी शिकवीन."

हे ऐकून ख्रिस्तालूनं जे उत्तर दिलं ते गुरुजींसमोर सांगण्यासारखं नाही. पण काडेपेटी तिनं घेतली.

लुकिया तेवढी हसली नाही. ती गेली तेव्हा कडेवरची पोर होती. तिनं आईला विचारलं, "आणि नाका पुन्हा बंद केला तर?" तेव्हा मी चुलीत फुंकर घालत राहिले. पोरी, आता उत्तर देते, तुझ्या भाषेत देते. बंद केला तर आम्ही हंडा घासून उपडा घालू आणि लाकडं रचून ठेवू. ते आम्हाला येतं.

बसवाला दारातून हात करतोय. पाहुण्यांनी पायधूळ झाडली, अध्यक्षांनी मला इतका वेळ खाली बसवलं नाही, सगळ्यांचे आभार. शेळ्यांनी बोलायला शिकवलेल्या बाईच्या तोंडून काही कमीजास्त गेलं असेल तर पोटात घाला. पिशवीतलं हेल्लिम अजून गरम आहे, वाटेत कुणी चाखू नये, त्यावर ख्रिस्तालूची नजर आहे.

आणि हातिजे, लक्षात ठेव. तुझी बारी पुढच्या शुक्रवारी नाही, त्याच्या पुढच्या शुक्रवारी. सकाळी, शेळ्या सोडायच्या आत. त्या दिवशी येते म्हणाली आहे.