सामायिक फाइल

मलकपेठच्या कॉम्प्युटर दुरुस्तीच्या दुकानात त्रिवेणी आपल्या प्रिंटरसाठी थांबली होती. पुढे दुरुस्ती करणाऱ्या यादगिरीपाशी एक वयस्कर नवरा-बायको होते. प्रिंटर राहिला बाजूला, तिचे कान तिकडेच लागले.

"यादगिरी, माझा भरतकामाचा प्रोग्राम उघडंना बघ. नवरीचा ब्लाउज उद्या द्यायचाय, नक्षी सगळी आत अडकलीय."

"एक फाइल गायब आहे अम्मा. कुणी काही काढलं का?"

"ह्यांनी. दिवाळीची साफसफाई!"

"मी फक्त ओमकारचा जुना खेळ काढला. तुझ्या भरतकामाला हात नाही लावला."

"काढताना कॉम्प्युटरनं विचारलं असेल ना काका? ही फाइल सामायिक आहे, दुसऱ्या कुणाला लागत असेल, काढू का म्हणून?"

"विचारलं. मी हो म्हटलं. खेळणारा पोरगाच भांडून घर सोडून गेला, आता कुणाला लागणार?"

"भरतकामाला. दोघांना एकीच फाइल लागते काका."

"ज्याची त्याला वेगळी द्यावी की!"

"अहो, घरात कात्री एकच असते ना? तो गेला म्हणून कात्रीच फेकलीत होय?"

"नक्षी सलामत आहे अम्मा. फाइल परत टाकतो, उघडेल."

"खेळ पण टाक."

"त्याची जरूरत नाही अम्मा. नुसती फाइल बस."

"टाक म्हणते ना."

काका काउंटरजवळ सरकले.

"यादगिरी."

"जी काका?"

"टाक खेळ. आणि तो कुठवर खेळला होता, तेवढं राहिलंय का बघ."