मागच्या बाईचे हात

बायको: त्या कोटाचं बटण लोंबतंय. तरी तोच घालणार. तुमच्या नायिकाबाई एकदा चांगला म्हणाल्या होत्या ना.

कॅमेरामन: दुसरा अंगात शिरत नाही, म्हणून. तू अजून तयार नाहीस?

बायको: मी येत नाही. सत्कार तुमचा, शेजारी नायिका तुमची. माझं तिथे काय अडलंय?

कॅमेरामन: माहितीपट म्हणू नकोस, सिनेमे म्हणू नकोस, टेपने अंतर मोजून माझ्या कॅमेऱ्याचा फोकस तूच सांभाळलास. आणि म्हणे काय अडलंय.

बायको: माहितीपटांचे दिवस बरे होते. खाणीतली माणसं तुम्हाला सगळी सारखी. ही चांदणी आली, आणि एका गालावर उजेड पाडायला अख्खी सकाळ लागायला लागली.

कॅमेरामन: चाळीस वर्षं झाली, तो गाल काही तू सोडला नाहीस. आज तेच दृश्य दाखवणार आहेत. ती पत्र वाचते, आणि फोकस तिच्या चेहऱ्यावरून निघून मागे भांडी घासणाऱ्या म्हातारीच्या हातांवर जातो. हे सुचलं कसं, विचारतील.

बायको: सांगा की नेहमीचंच. ‘दुःख मला त्या हातांत दिसलं.’ याच वाक्यावर बक्षीस घेतलंत.

कॅमेरामन: तू आलीस तर खरं सांगेन म्हणतो.

बायको: कसलं खरं? हात घसरला माझा. तेव्हाच सांगितलं होतं.

कॅमेरामन: तुझा हात हलत्या होडीत कधी घसरला नाही.

बायको: (कपाट लावून घेत) बघवत नव्हतं मला. म्हटलं, एकदा तरी ती धूसर दिसू दे. वाटलं, ओरडाल, दुसरा टेक घ्याल.

कॅमेरामन: घेतला होता. तुला गाडीतून लेन्स आणायला पिटाळलं, तेव्हा. फोकस मीच धरला. चेहरा अगदी लख्ख आला.

बायको: मग?

कॅमेरामन: दोन्ही पाहिले आणि संकलकाला तुझा दिला. तो हातांचाच सिनेमा होता. मला दिसलं नव्हतं.

बायको: म्हणजे माझी पाठ वळल्यावर तिला आणखी एकदा डोळे भरून बघून घेतलंत.

कॅमेरामन: घ्या. मी सांगतोय काय, हिने धरलंय काय.

बायको: काढा तो कोट, बटण लावते. आणि तिथे खुर्च्या कशा मांडल्यात, ते विचारून ठेवा.

कॅमेरामन: कशाला?

बायको: मधल्या खुर्चीत मी बसेन.