ओट्यावरची भवानी

मंडळी, एक सांगा. जागा कुणाची? कागदावर नाव असतं त्याची, की जन्मभर गल्ल्यावर बसला त्याची? पुढच्या रांगेतले वकीलसाहेब, तुम्ही गप्प राहा — तुमचं उत्तर आम्हाला परवडायचं नाही!

तर ऐका. मल्हारपेठेत वामनशेठ पोरे यांचं मोजे-बनियनचं दुकान. जागा भाड्याची, पण बापाच्या काळापासूनची. शेठ ‘माझं दुकान’ म्हणायचे, पेठही तसंच म्हणायची. जागेची मालकीण शेवंताबाई दळे. नवरा गेल्यावर बाई चटण्या करू लागल्या — कारळ्याची, जवसाची. विकायला कुठं बसायच्या? त्याच दुकानाच्या ओट्यावर, उन्हात. मालकीण बाहेर, भाडेकरू पंख्याखाली!

एक दिवस बाई म्हणाल्या, "शेठ, आता मला जागा हवी हो. पावसाळ्यात माल सादळतो. माझाच धंदा मला आत मांडायचाय."

"आणि मी कुठं जाऊ?" शेठ म्हणाले. त्यांचंही खोटं नव्हतं. उतारवयात नव्या जागी गिऱ्हाईक जमवायचं म्हणजे पुन्हा पहिल्यापासून सुरुवात.

प्रकरण कोर्टात गेलं. शेठच्या वकिलानं पढवलं — "कोर्ट आधी बघणार, बाईंची गरज खरी की बहाणा. तुम्ही म्हणा, तिचा धंदाबिंदा काही नाही."

शेठ साक्षीला उभे राहिले. बाईंच्या वकिलानं विचारलं, "बाई ओट्यावर काही विकतात का?"

आता पंचाईत बघा. दुकानदार दिवसाच्या पहिल्या विक्रीला भवानी म्हणतो, ती कपाळाला लावतो. शेवंताबाईंची भवानी रोज कोण करायचं? खुद्द वामनशेठ! स्वतःचं कुलूप काढायच्या आधी चटणीची पुडी घ्यायचे — "घ्या बाई, करा भवानी." आता ‘नाही’ म्हणावं, तर भवानीच खोटी पाडायची! शेठना ते जमेना. पढवलेलं बोलायला आलो, याची लाज वाटली त्यांना, स्वतःचीच.

"विकतात," ते म्हणाले. "रोज. पहिलं गिऱ्हाईक मीच. त्यांची गरज खरी आहे, साहेब. माझीही आहे, पण जागा त्यांची."

शेठच्या वकिलानं कपाळावर हात मारला. जागा बाईंना मिळाली, शेठना माल हलवायला दिवाळीपर्यंत मुदत. शेठ हरले, मंडळी. ते जिंकले असं मी गोड करून सांगणार नाही. मागच्या गल्लीत लहानसा गाळा घेऊन बसले, इतकंच.

तुम्हाला वाटलं असेल, बुवा आता म्हणणार, देहही भाड्याचा. नाही म्हणत. ते तुम्ही मान डोलावून ऐकता नि घरी जाऊन जेवता. मी एवढंच विचारतो — समोरच्याची गरज खरी आहे, हे तुम्हाला कोर्टाच्या आधीच ठाऊक असतं ना? मग तारखा कशाला मागता?

आधी मनात उत्तर द्या. मग टाळ वाजवा.