पाखराच्या मेंदूतला एक शब्द आणि पाईकराव सर

आजच्या कार्यक्रमाचे अध्यक्ष, संस्थेचे सचिव आदरणीय पुनमचंदजी, प्राचार्य महोदय, मंचावरचे सर्व मान्यवर, ज्यांना निरोप द्यायला आपण जमलो ते प्राणीशास्त्र विभागाचे प्राध्यापक भीमराज पाईकराव सर, समोर बसलेल्या सरांच्या पत्नी सरिताकाकू, माझे सहकारी, आणि मागच्या रांगांमध्ये दाटीवाटीनं बसलेल्या तृतीय वर्षाच्या माझ्या विद्यार्थ्यांनो,

मी रागिणी पोले. याच महाविद्यालयाची विद्यार्थिनी, आणि गेल्या जूनपासून याच विभागात तासिका तत्त्वावर शिकवते. माझ्या आधीच्या वक्त्यांनी सरांच्या शिस्तीबद्दल, साधेपणाबद्दल फार सुंदर सांगितलं. मीही तसंच काहीतरी लिहून आणलं होतं. पण सकाळपासून माझं कशातच चित्त नाही, आणि तो कागद वाचावासा वाटत नाही. अध्यक्षांची परवानगी गृहीत धरून मी एका शब्दाबद्दल बोलते.

तो शब्द आहे निडोपॅलियम.

मागं हसू आलं, ते बरोबरच आहे. सरांना मुलं 'निडो सर' म्हणतात हे सरांनाही माहीत आहे. पण पाहुण्यांसाठी अर्थ सांगायला हवा. निडस म्हणजे लॅटिनमध्ये घरटं. पॅलियम म्हणजे अंगावर घ्यायचं पांघरूण. माणसाच्या मेंदूवर विचार करणारा जो थर असतो, त्याला शास्त्रात पॅलियम म्हणतात. पाखराच्या मेंदूत त्याच जातीचा एक मोठा भाग असतो, त्याचं नाव निडोपॅलियम. कावळा अडचणीतून वाट काढतो तेव्हा हा भाग कामाला लागतो.

हे नाव मात्र अलीकडचं, दोन हजार चारच्या सुमारासचं. त्याआधी जवळजवळ शंभर वर्षं त्याच भागाला निओस्ट्रायटम म्हणत होते. आता कुणी विचारेल, बाई, नावानं काय फरक पडतो? फरक असा की, स्ट्रायटम हा मेंदूचा आतला गोळा, सवयीनं हातपाय हलवणारा. जुन्या विद्वानांनी आधी ठरवलं, की पाखराला विचार नसतो, नुसती उपजत सवय असते. मग त्याच्या मेंदूत जे जे दिसलं त्याला त्यांनी सवयीच्याच गोळ्याची नावं दिली. पुढं तपासणी झाली, चूक कळली, आणि जगभरच्या अभ्यासकांनी बसून नावं बदलली. जुन्या आकृत्या वाया जाऊ नयेत म्हणून पहिलं अक्षर तेवढं तेच ठेवलं.

सर उजळणी वर्गाला गेले होते, तिथं त्यांना हे कळलं. परत आले त्याच दिवशी त्यांनी आमचा तास वर्गात घेतला नाही. आम्हाला एसटी डेपोच्या नळाजवळ नेलं. तिथं एक कावळा वाळलेल्या भाकरीचा तुकडा डबक्यात भिजवून, मऊ करून खात होता. सर म्हणाले, "बघा. याला तुमी सवय म्हणाल का?" कंडक्टर मंडळी आमच्याकडं बघत होती. सरांना त्याचं भान नव्हतं.

आता मूळ गोष्टीकडं येते.

दोन हजार पाचची आमची प्रात्यक्षिक परीक्षा. बाहेरगावचे एक परीक्षक आले होते. त्यांचं नाव घेत नाही. ते वाईट गृहस्थ नव्हते, एवढं सांगते. त्यांनी कबुतराच्या मेंदूच्या प्रतिकृतीवर पेन्सिल टेकवली आणि विचारलं, "हा भाग कोणता?"

मी म्हणाले, "निडोपॅलियम."

"पुस्तकात काय आहे?"

"निओस्ट्रायटम, सर. ते जुनं नाव आहे. आता बदललंय."

"म्हणजे पुस्तक चूक?"

"त्या नावापुरतं, व्हय सर."

शेजारच्या टेबलावरून पाईकराव सर आले. त्यांनी शांतपणे सगळं समजावून सांगितलं. परीक्षक म्हणाले, "पाईकराव, अभ्यासक्रमात नसलेलं शिकवता आणि मुलांना उलट बोलायला लावता." मग माझ्याकडं वळून म्हणाले, "हे बघ पोरी, पुस्तकातलं नाव बरोबर आणि तुझं चूक, एवढं म्हण. मी पुढं जातो."

मी सरांकडं बघितलं. सर म्हणाले, "रागिणी, तुला दोन्ही येतात. काय म्हणायचं ते तू ठरव."

मला वाटतं, आयुष्यात पहिल्यांदाच मला कुणीतरी ठरवायला सांगितलं होतं. मी म्हणाले, "जुनं नाव मला पाठ आहे. पण ते बरोबर आहे, असं म्हणता येणार नाही." परीक्षकांनी तोंडीला जे गुण दिले त्यात पास होणं शक्यच नव्हतं. प्रात्यक्षिकात नापास, आणि वर्ष गेलं.

सरांनी विद्यापीठाकडं दाद मागितली. उत्तर आलं, गुण बदलता येणार नाहीत. इकडं अभ्यासक्रमाबाहेर शिकवल्याची तक्रार झाली आणि सरांचं विभागप्रमुखपद गेलं. मंचावर बसलेल्यांना हे ठाऊक आहे. आजच्या सत्कारात त्याचा उल्लेख आला नाही, म्हणून मी केला. राग मानू नये.

माझं घर शिरड शहापूरला. आमची मेंढरं आहेत, थोडी शेती आहे. निकाल लागला तसं वडिलांनी सांगून टाकलं, शिकणं पुरे. काकांनी वारंग्याकडचं एक स्थळही आणलं. अशात एका दुपारी सर एसटीनं आमच्या घरी आले. वडील, म्हणजे प्रभू पोले, वाड्यात मेंढरांना पाणी पाजत होते. बादली खाली न ठेवताच त्यांनी विचारलं, "सर, येका शब्दापायी पोरीचं साल गेलं म्हन्तात. खरं हाय का?"

"व्हय, खरं हाय."

"मंग जुनाच शब्द काहून न्हाई शिकवला? काय बिघडलं असतं?"

सर मेंढरांच्या गव्हाणीवरच बसले. म्हणाले, "प्रभूभाऊ, माझ्या बापाचं नाव जळबा. पण गावानं त्याला जलमभर जळ्या म्हणलं. लहान लहान लेकरंसुदिक जळ्याच म्हणायची. मला नोकरी लागली तवा मी दारावर पाटी लावली, जळबा पाईकराव. पाटी वाचून पोस्टमननं आवाज दिला, 'जळबाजी हायेत का?' बाप आत बसूनच म्हणाला, 'इथं असं कोणी न्हाई.'"

वडिलांनी बादली खाली ठेवली.

"चुकीचं नाव इतकं मुरतं," सर म्हणाले. "बापाला सवय व्हायला लई दिवस लागले. गावाला त्याहून जास्त. पण नाव बदललं आन् लोकायला त्याच्याकडं वेगळं बघावं लागलं. म्हणून चुकीचं नाव मला शिकवता येत न्हाई. ती तुमची पोरगी असो का दुसऱ्याची."

इथं सभागृहात माझ्यापेक्षा वडीलधारी माणसं आहेत. विद्यापीठाच्या एका नावासाठी या मराठवाड्यानं काय काय सोसलं, हे त्यांनी पाहिलंय. मी त्यावर बोलणं लहान तोंडी मोठा घास होईल.

वडील सरांसमोर उकिडवे बसले. मग म्हणाले, "तुमचं बराबर हाय, सर. पर नाव तुमच्या बापाचं बदललं. साल माझ्या पोरीचं गेलं."

सरांनी हात जोडले. माझी आई, चंद्रभागाबाई, चहा घेऊन बाहेर आली. ती म्हणाली, "पोटात येक आन् ओठात येक, असं बोलूनच आमचा जलम गेला, सर. पोरीला ते जमलं न्हाई, त्याला कोन काय करणार? बसवा तिला पुन्यांदा." वडिलांनी हो म्हटलं नाही, पण वारंग्याच्या पाहुण्यांना नाही कळवून टाकलं.

वर्षभर मी सरांच्या प्रयोगशाळेत बसून अभ्यास केला. त्या एका प्रश्नाची तयारी मी किती केली, काय सांगू. कोणी कसंही विचारलं तरी काय बोलायचं, हे मी चालता चालता स्वतःशी म्हणायची. परीक्षेचा दिवस आला. नवे परीक्षक होते. त्यांनी कबुतराकडं पाहिलंसुद्धा नाही. झुरळाचे मुखावयव विचारले, घाम पुसला, आणि मी पास झाले.

बाहेर येऊन मी रडले. सरांना वाटलं आनंदानं. तसं नव्हतं ते. ज्याच्यासाठी वर्ष गेलं, तो प्रश्न जगात कुणाच्या गावीही नव्हता.

पुढं एम.एस्सी. झाले, इथं लागले. आणि आता पाखराच्या मेंदूचा तो तास माझ्याकडं आला आहे. पुढच्या महिन्यात परीक्षक येतील. ठरलेलं पुस्तक तेच आहे, त्यातलं नाव तेच आहे. मागं बसलेल्यांपैकी कुणाच्या घरी लग्न ठरत आलंय, कुणाचा भाऊ पुण्याला मजुरीला जाऊन बहिणीला शिकवतोय. मी त्यांना परवा दोन्ही शब्द सांगितले, अर्थ सांगितला. मग म्हणाले, "परीक्षेत पुस्तकातलं नाव सांगा."

एका मुलीनं विचारलं, "मॅडम, मग खरं कोणतं?"

मी म्हणाले, "खरं नवं. परीक्षेत जुनं."

हे वाक्य तोंडातून गेल्यापासून मला चैन नाही. सर, काल मी तुम्हाला विचारायला आले होते. तुम्ही एवढंच म्हणालात, "तुझ्या वेळी मी तुझ्याजवळ उभा होतो, तरी तुझं साल वाचवू शकलो नाही. मी दुसरं काही सांगावं, असं मला वाटत नाही." आणि पुस्तकांची कपाटं आवरायला लागलात.

तेव्हा आज, तुमच्यासमोर आणि यांच्यासमोर, मी माझं परवाचं वाक्य मागं घेते. मुलांनो, ज्याला जुनं नाव सांगायचं त्यानं सांगावं, मी त्याला कमी समजणार नाही. ज्याला नवं सांगायचं त्यानं सांगावं. त्या वेळी मी त्याच टेबलाजवळ उभी असेन. तुमचं वर्ष वाचवीन, असं वचन मी देऊ शकत नाही. ते सरांनाही देता आलं नव्हतं. माझी नेमणूक तासिका तत्त्वावरची आहे, कधीही थांबवता येते, हेही सचिव साहेबांच्या समोरच बोलतेय.

सर, तुम्हाला आणि काकूंना निरोगी, निवांत आयुष्य लाभो. संयोजकांनी मला पाच मिनिटं दिली होती, मी त्याहून बरीच जास्त घेतली. पुनमचंदजींनी अडवलं नाही, त्यांचे आभार. एवढा वेळ शांतपणे ऐकून घेतल्याबद्दल आपणा सर्वांची मी ऋणी आहे. बोलण्याच्या भरात कुणाचा मान राखायचा राहिला असेल, एखादा शब्द टोचला असेल, तर आपल्याच घरची लेक म्हणून पोटात घालावं, एवढी विनंती करून मी थांबते.