दुसऱ्या कडव्यातलं नाव

"सर, स्तोत्र फक्त देवाचंच असतं का?"

मैत्रिणींनी पैज लावली, म्हणून मी संगीताच्या सरांना बेधडक विचारलं. उद्याच्या समारंभात ते मलाच गायचं होतं. तेवढ्यात मुख्याध्यापिकाबाई आल्या आणि मला बाहेर उभं केलं. दार उघडंच राहिलं.

"सर, दुसऱ्या कडव्यात देवाऐवजी अध्यक्षसाहेबांचं नाव घाला."

"अहो बाई, स्तोत्र म्हणजे देवाची स्तुती. त्यात सर्वज्ञ, दयाळू, निष्कलंक असं म्हटलंय."

"मग काय झालं? साहेब मोठ्या मनाचे आहेत, चालवून घेतील."

"आणि देव?"

"त्यांना आभारप्रदर्शनात घेऊ."

"पण ही पोरगी गाईल का?"

"न गाऊन सांगते कुणाला! नाहीतर दुसरी उभी करा."

घरात पाऊल टाकताच मी जाहीर केलं, "आईबाबा, उद्या मी देवाचंच नाव घेणार आहे. परवा शाळेतून बोलावणं येईल, दोघांनीही रजा टाकून ठेवा."