मुकी मुलूखिया

अतियात खाला : ...आणि लसणाची फोडणी ओतताना ही नग्वा रीतीप्रमाणे हाऽऽ करून श्वास ओढणार नाही? मग मुलूखियाच्या पातळ भाजीला चव कुठून येणार? तुझ्या कॅमेऱ्यातून?

फिक्री : खाला, पडद्यावर चव दिसत नाही. ही बाई पाला निवडते, चिरते, शिजवते, फोडणी ओतते. चेहऱ्यावर मात्र काही नाही. भिंत! हाच तर माझा सिनेमा.

खाला : भिंतच हवी तर ही माझ्या स्वयंपाकघराची घे. हिच्या चेहऱ्याला काय धाड भरलीय?

नग्वा : खाला, गप्प बस ना गं! बारा वर्षांत पहिल्यांदा माझा चेहरा पडद्यावर येतोय.

खाला : मागच्या सिनेमात होतीस की. अख्ख्या शुब्रा मोहल्ल्याला घेऊन गेले होते मी.

नग्वा : त्यात माझी टाच होती.

खाला : तरी सगळ्यांना ओळखून दाखवली मी! आणि त्याआधी?

नग्वा : बंद दारामागे होते.

खाला : हां! काय सुंदर हललं होतं ते दार! कोपऱ्यावरचा इस्त्रीवाला रडला होता.

फिक्री : हे शेवटचं रीळ आहे. नग्वा, श्वास ओढलास तर चेहरा कापून नुसतं पातेलं ठेवीन.

नग्वा : नाही ओढणार, उस्ताद. मेले तरी.

खाला : माझ्या चुलीवर असली मुकी मुलूखिया आजवर झालेली नाही. तुझ्या आईनं ऐकलं तर काय म्हणेल रे? कुठली ती?

फिक्री : तांता शहरातली. तिनं फोडणी ओतताना श्वास ओढला की खाली रस्त्यावरची गाढवं थांबायची. आता आईचा विषय पुरे. शांतता! कॅमेरा सुरू!

(बराच वेळ फक्त सुरीचा आवाज. मग लसूण पातेल्यात पडतो : छन्नऽऽ!)

फिक्री : हाऽऽऽ!

खाला : अगं बाई! तांतापर्यंत गेला असेल हा आवाज.

फिक्री : मी... मी नाही ओढला. आपोआप आला.

खाला : येणारच. शाब्बास! आता जेवता येईल.

फिक्री : रीळ संपलं, खाला! नग्वा, तू तरी भिंत होतीस ना?

नग्वा : होते, उस्ताद. पण तुम्ही हाऽऽ केलंत आणि मला हसू आलं.

फिक्री : केवढं?

नग्वा : दात दिसण्याएवढं.

खाला : बरं झालं. दात शुब्रात सगळे ओळखतात, मला समजावून सांगायला नको. बस रे, हा घे पाव. मुलूखियातला ससा मऊ शिजलाय. कसं झालंय?

फिक्री : ...आईच्या हातचं.

खाला : मग कापणार हिचा चेहरा?

फिक्री : राहू दे. अजून थोडा रस्सा वाढा. पण रिळावर उमटलेला तो हाऽऽ? तो कुणाचा म्हणून सांगू लोकांना?

नग्वा : माझा म्हणून सांगा, उस्ताद. इतक्या वर्षांत मला एकही वाक्य मिळालेलं नाही.