कौशल्या ‘सोडा’ म्हणालीच नाही!

…नाही, पण ‘श्वास घ्या’ म्हटल्यावर पुढे ‘सोडा’ म्हणायला नको? तुम्हाला सांगतो, जीव जायची वेळ आलीय, आणि तीही पोटच्या पोराच्या गाण्यांनी! आमचा जयेश, इथंच दिल्लीत, मयूर विहारच्या फ्लॅटमध्ये वाढलेला, त्यानं अल्बम काढलाय. भजन, ध्यान आणि नाच, सगळं एकातच! म्हटलं, अरे, देवापुढं बसायचं की उड्या मारायच्या? तर म्हणतो, "बाबा, यार, दोन्ही!"

आता माझं मोतीबिंदूचं ऑपरेशन ठरलेलं. पण बीपी असं चढलेलं, की डॉक्टर म्हणे, "अंकल, पहले बीपी नीचे लाइए." कसं आणू? अहो, समोर बसलेल्या बायकोचा, कौशल्याचा, चेहरा दिसत नाही मला, नुसता आवाज! रडू येतं कधी कधी. तर जयेशनं कानात इअरफोन खुपसले. "ऐका बाबा, बिल्कुल शांत वाटेल."

तानपुरा… टाळ… आणि आवाज कुणाचा? कौशल्याचा! महिला भजनी मंडळातून थेट अल्बममध्ये! "डोळे मिटा… श्वास घ्या…" घेतला. पुढं? धाड् धाड् धाड् धाड्! सोडा म्हणालीच नाही! आता लग्न झाल्यापासून हिनं सांगितल्याशिवाय मी पंखासुद्धा बंद केलेला नाही, श्वास कसा सोडू? "अरे जयेश, तिचं ‘सोडा’ कुठं गेलं?" "कापलं, बाबा! श्वास अडकला की मगच लोक बीटवर नाचतात ना!" लोक नाचतात, आणि बाप?

परवा दवाखान्यात तेच. कानात कौशल्या, दंडाला बीपीचा पट्टा, मी हा एवढा फुगलेला, आणि सिस्टर ओरडतेय, "अंकल, साँस छोड़िए!" अहो, कसा सोडू? ही सोडा म्हणालीच नाही! आकडा बघून डॉक्टरांनी हातच जोडले. ऑपरेशन पुढं ढकललं.

घरी आलो आणि कौशल्याचे दोन्ही हात धरले. म्हटलं, अगं, एकदा तुझ्या तोंडानं म्हण, सुटू दे मला! तीही कळवळून म्हणाली, "अहो, सोडा! सोडा आता!"

सोडला! असा सोडला, की देवघरातलं निरांजन विझलं! काय हलकं वाटलं म्हणून सांगू…

तर मागून जयेश, हातात मोबाईल. "वाह बाबा! पुढच्या अल्बमची सुरुवात हीच! चलो, परत एकदा, श्वास घ्या…"

घेतला. काय करणार, मुलगा आहे! आणि तेवढ्यात त्याला फोन आला.